कागदातली मोकळी ओळ

या गोष्टीबद्दल माझ्या तोंडून आजवर एक अक्षर बाहेर पडलेलं नाही. मला रोजनिशी लिहायची सवय आहे. तिच्यातही त्या दिवसाच्या पानावर एवढंच आहे — ‘दादा आला होता. ग्लास ठरले.’ पाच शब्द. त्यांतला एकही खोटा नाही. खोटं झाकायला खरं वाक्यच बरं पडतं, हे मी त्या दिवशी शिकले — की आधीपासूनच मला ते येत होतं?

दादाला जाऊन आता तीन महिने होतील. मी सावकाश लिहिते आहे. एक वाक्य लिहायचं, उठायचं, गॅसवर काही नसताना स्वयंपाकघरात जाऊन यायचं, पुन्हा बसायचं. तुम्ही मला ओळखत नाही हे बरं आहे. ओळखणाऱ्यांना मी वेगळी माहीत आहे — बोईसरच्या शाळेत सव्वीस वर्षं मराठी शिकवलेली, ग्रंथालय सांभाळणारी, कुणाला न दुखावता बोलणारी बाई.

दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, मधुकर. पालघरजवळच्या माहीमला आमची पानवेलीची वाडी आहे. वडील गेले तेव्हा तो नववीत होता आणि मी चौथीत. त्यानं शाळा सोडली आणि वाडी धरली. मी शिकत राहिले. याबद्दल तो कधी काही बोलला नाही. मीही नाही. पण त्यातून आमच्या घरात एक रीत पडली. इंग्रजीतला कुठलाही कागद आला, की तो माझ्यापुढे यायचा. बँकेचा असो, विम्याचा असो, वहिनीच्या डोळ्यांच्या डॉक्टरांचा असो. दादा मांडीवर हात ठेवून समोर बसायचा आणि पोथी ऐकावी तसा कागद ऐकायचा. मी वाचून मराठीत सांगायची. संपलं की तो म्हणायचा, “बरा.” मग त्या कागदाबद्दल त्याला दुसऱ्या कुणाला काही विचारावंसं वाटत नसे.

हे लक्षात ठेवा. माझा गुन्हा समजायला एवढं पुरे आहे.

आता ‘सोय’. आमच्याकडे हळदीला किंवा रिसेप्शनला आलेला पुरुष यजमानाच्या कानाशी येऊन हळूच विचारतो, “सोय हाय ना?” दारूचं नाव कुणी घेत नाही. हो म्हटलं, की दुसरा प्रश्न — “कुणाकडं?” माहीमच्या आमच्या आळीत या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर पंचवीस वर्षं एकच होतं: मधूदादाकडं.

एक खोली, तिची किल्ली दादाच्या कमरेला, आणि दारात तो स्वतः. त्याचे स्वतःचे ग्लास होते. बुटके, जाड काचेचे, बुडापासून वर तीन उठावदार रेघा असलेले. माप रेघेचं. कुणाला किती रेघा हे त्याच्या डोक्यात. सकाळी बोटीवर जायचंय त्याला एक. नव्या जावयाला दोन, तीही सासऱ्याची पाठ असताना. ज्याच्या बायकोनं दुपारी येऊन हळूच सांगून ठेवलंय त्याला कोकमाचं पाणी, वर सोडा — आणि तो माणूसही चारचौघांत घुटके घेत ते निमूट प्यायचा. “माजी एवढीच?” असं कुणी कुरकुरला तर दादा म्हणायचा, “तुजी रेघ मी नाय मारली. तुज्या लिवरनं मारली.” सगळे हसायचे, तोही हसायचा आणि ग्लास खाली ठेवायचा. दादा स्वतः थेंबही घेत नसे. खोलीतला एक तरी शुद्धीवर पायजे, म्हणायचा.

त्याच्या हाताखालच्या एकाही लग्नात मारामारी झाली नाही. एकही माणूस रस्त्यात पडला नाही. मला हे फार उशिरा कळलं, की हे एक ज्ञान होतं. अख्ख्या गावाची माणसं वाचता येणं. मी पुस्तकं वाचत होते.

सात वर्षांपूर्वी केतकीचं, माझ्या मुलीचं, लग्न ठरलं. नवरामुलगा पुण्याचा. रिसेप्शन बोईसरला करायचं ठरलं. माझे यजमान मूळचे सांगलीकडचे, तारापूरच्या प्रकल्पात नोकरीला. त्यांचे कॉलनीतले मित्र, माझ्या शाळेतले लोक, पुण्याचे व्याही, माहीमची आमची माणसं — सगळे एकाच हॉलमध्ये येणार होते. हे सगळे एकत्र येणार, याचाच मला आनंद व्हायला हवा होता, नाही का? मला रात्रंदिवस धाकधूक.

‘सोय’ ठेवायची हे ठरलंच होतं. तिचं काम एका केटररला दिलं. त्याचा मॅनेजर नमुन्याचे ग्लास घेऊन आमच्या फ्लॅटवर आला आणि जेवणाच्या टेबलावर पांढरा रुमाल अंथरून त्यानं ते मांडले. उंच देठाचे, पातळ काचेचे. बोटानं टिचकी मारली की गुणगुणणारे. बिअरचे वेगळे, व्हिस्कीचे वेगळे. काउंटरवर काळ्या जाकिटातली चार माणसं उभी राहतील, म्हणाला. मी एक ग्लास देठाशी धरून उजेडात पाहिला. मला तो आवडला. तुमच्याशी खोटं कशाला बोलू — तो हातात धरल्यावर मी स्वतःलाच आवडले.

तीन पानांचा इंग्रजी करारनामा आणि नमुन्याचे ग्लास ठेवून तो गेला. दुसऱ्या दिवशी दादा आला.

पानांच्या टेम्पोत बसून, मांडीवर चिकूचं लाकडी खोकं धरून तो माहीमहून आला होता. खोक्यात त्याचे बहात्तर ग्लास, प्रत्येक धुऊन, वर्तमानपत्रात गुंडाळलेला. भाचीचं लग्न म्हणून त्यानं पांढरा सदरा शिवायला टाकला होता, तेही सांगितलं. काउंटरवर उभं राहायला पांढराच बरा, डाग पडला तर कळतो. त्याला कुणी बोलावलं नव्हतं, आणि त्यानं विचारलंही नव्हतं. मामा तोच आणि सोयही त्याच्याकडे, यात विचारण्यासारखं काय होतं?

टेबलावरचा देठाचा ग्लास त्यानं उचलला, उलटा केला, परत ठेवला.

“बाय, हा उबा कसा रातो गो? एका पायावर. बगळाच हाय.” आणि मग स्वतःशीच हसत, “दोन रेघांनंतर आमची मानसं दोन पायांवर उबी रात नाय, नि ह्यो एका पायावर!”

मी हसले. मग मला तेच वाक्य हॉलमध्ये ऐकू आलं. काउंटरमागून, मोठ्या आवाजात, माझ्या मुख्याध्यापिकाबाईंच्या देखत. ‘बाय, ह्याला नाय द्याचा, ह्याला साखर हाय!’ — असं माझ्याकडे बघून ओरडणारा पांढऱ्या सदऱ्यातला माणूस. आणि वर्षानुवर्षं शुद्ध बोलणाऱ्या बाईंचा सख्खा भाऊ तो हाच.

इथे मी थांबले होते. दोन दिवस पुढे लिहिलं नाही. कारण इथून पुढे मला कुणाच्या तरी आड उभं राहावंसं वाटतं. पुण्याचे व्याही काय म्हणतील, असं लिहावंसं वाटतं. केतकीला सगळं नीटनेटकं हवं होतं, असं लिहावंसं वाटतं. खरं असं आहे, की व्याह्यांना मी सहज बोलता बोलता रेघांची गंमत सांगितली होती तेव्हा ते म्हणाले होते, “या गृहस्थांना आम्हाला भेटवाच.” आणि केतकीनं फोनवर पहिला प्रश्न विचारला होता, “बारवर मामा आहे ना? मग मला काळजी नाही.” कुणाचीच हरकत नव्हती. हॉलभर माणसांत त्याची लाज वाटणारी व्यक्ती एकच होती — मी.

दादानं करारनामा पाहिला. “ह्यो कागद कसला?” म्हणाला, आणि खुर्ची ओढून, मांडीवर हात ठेवून बसला.

मी वाचू लागले. पहिलं पान खरं वाचलं. ग्लास फुटले तर काय, बर्फ कुणाचा, हॉल किती वाजता रिकामा करायचा. दुसऱ्या पानावर, मधोमध, एक ओळ होती. तिचा अर्थ असा — यजमानांच्या घरातल्या एका जबाबदार माणसानं काउंटरपाशी थांबावं; कुणाला द्यायचं आणि कुणाला थांबवायचं हे तो आमच्या माणसांना सांगेल; त्याचं नाव इथे लिहावं. आणि पुढे नावासाठी मोकळी जागा. ठिपक्या-ठिपक्यांची.

पाहिलंत? ती जागा त्याचीच होती. कुणा अनोळखी माणसानं टाइप केलेल्या कागदात माझ्या भावासाठी जागा सोडलेली होती.

मी त्या ओळीवर बोट ठेवलं आणि वाचलं — “काउंटरवर आमच्या नेमलेल्या माणसांशिवाय कुणीही उभं राहू नये. घरच्या माणसानं ओतल्यास सरकारी नियमाप्रमाणे गुन्हा धरला जाईल.”

आवाज बदलला नाही. अडखळले नाही. वर्गात वाचते तसं, विरामचिन्हांसकट वाचलं. ‘सरकारी’ हा शब्द का घातला? नुसतं ‘आमची माणसं’ म्हटलं असतं तर तो म्हणाला असता, मी बोलतो त्यांच्याशी. सरकारपुढे त्याचं काही चालणार नाही, हे मला ठाऊक होतं. म्हणजे मी विचार केला होता. क्षणभरात, पण नीट.

दादानं टेबलावरचा देठाचा ग्लास थोडा मागे सरकवला. मग म्हणाला, “कायदा हाय तर हाय. तुज्या दारात पोलीस नको, बाय.” आणि मग, खोक्याकडे बघत — “मग मी काय करू त्या दिवशी?”

“तू मामा आहेस. बसायचं, जेवायचं,” मी म्हणाले.

“बरा,” तो म्हणाला.

तो गेल्यावर त्या मोकळ्या जागेत मी ‘कुणी नाही’ असं इंग्रजीत लिहिलं आणि खाली सही केली.

रिसेप्शनला तो पांढरा सदरा घालून आला आणि तिसऱ्या रांगेतल्या खुर्चीत, गुडघ्यांवर हात ठेवून बसला. सोहळा देखणा झाला. ग्लास चमकत होते, जाकिटातली माणसं अदबीनं वाकत होती. त्यांना काय माहीत, कोण कोण आहे ते? माझ्या चुलतबहिणीचे यजमान, विनायकभाऊजी, यांना साखरेचा त्रास. माहीमला त्यांची एक रेघ आणि मग कोकम, हे ठरलेलं. इथे त्यांनी ग्लास पुढे केला की भरला जात होता. देठाचा ग्लास हातात घेऊन ते दादासमोर आले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “काय मदूदादा, आज रेघ कुठंय? आज तू पन पावना नि मी पन पावना!”

दादा उठला. काउंटरच्या दिशेनं निम्म्यापर्यंत गेला. आणि थांबला. ते थांबणं मला अजून दिसतं — रस्त्यात अचानक दोरी आडवी लावावी तसा तो थांबला. मग त्यानं वळून मला शोधलं. मी मुख्याध्यापिकाबाईंशी बोलत होते. आमची नजरानजर झाली. मी मान हलवली असती तर तो पुढे गेला असता, एवढंच हवं होतं. मी बाईंकडे वळले आणि त्यांना जेवण कसं झालं ते विचारलं.

अर्ध्या तासानं भाऊजी हात धुण्याच्या जागेपाशी कोसळले. त्यांना उचललं दादानं, तोंड धुतलं दादानं, रिक्षात घालून डॉक्टरकडे आणि तिथून घरी नेलं दादानं. भाऊजी दोन दिवसांत सावरले. पण अल्बममध्ये नवरीचा मामा नाही. केतकीनं विचारलं तेव्हा मी म्हणाले, त्याला गर्दी आवडत नाही.

इतकंच असतं तर कदाचित मी ते गिळून टाकलं असतं. पण दादानं ऐकलेला कागद तो विसरत नसे. पुढच्या लग्नसराईत आळीतली माणसं नेहमीप्रमाणे त्याच्याकडे गेली. त्यानं नाही म्हणून सांगितलं. “कायदा आलाय. घरच्या मानसानं ओतला तर गुन्हा हाय.” त्यांना वाटलं, थट्टा करतोय. मग वाटलं, म्हातारपणी घाबरला. आमचा शेजारी जनार्दन त्याला रस्त्यात गाठून विचारायचा, “काय मदूदादा, आज पोलीस आले का?” एकानं तर सांगितलंही, असा काही कायदाबियदा नाय. तेव्हा दादा काय म्हणाला, ते मला वहिनीनं हसत हसत सांगितलं. तो म्हणाला, “माज्या बायनं कागद वाचलाय. तू वाचलास?”

जगात असा कायदा कुठे आहे की नाही, मला माहीत नाही. त्या कागदात नव्हता.

हळूहळू त्याला कुणी विचारेनासं झालं. आळीतल्या लग्नांतून केटररची माणसं येऊ लागली. दादा लग्नाला जायचा, अक्षता टाकायचा, जेवायचा आणि लवकर परतायचा. नंतर नंतर वहिनीलाच पाठवायचा. ते बहात्तर ग्लास त्यानं समुद्रावरच्या चहावाल्याला देऊन टाकले. शनिवार-रविवारी येणारे पर्यटक त्यांतून चहा पितात. एकदा वहिनी म्हणाली, “यांचं मनच लागत नाही हो कशात.” मी म्हणाले, वय झालं वहिनी. तेव्हा तो अठ्ठावन्न वर्षांचा होता.

सात वर्षं होती माझ्याकडे. दर महिन्याला मी माहीमला जात होते. एक वाक्य बोलायचं होतं — दादा, मी चुकीचं वाचलं. ‘चुकीचं’ म्हटलं असतं तरी चाललं असतं. ‘खोटं’ म्हणायचीही गरज नव्हती. तो म्हणाला असता, “बरा,” आणि दुसऱ्या दिवशी चहावाल्याकडून खोकं परत आणलं असतं. मी ते वाक्य का बोलले नाही? कारण मग घरातला प्रत्येक कागद संशयात आला असता. त्याच्या नजरेत मी वाचणारी राहिले नसते. त्याचा मान गेला तरी चालेल, माझा राहू दे — याहून दुसरं कारण मला शोधून सापडलं नाही.

यंदा थंडीत तो आजारी पडला. पालघरच्या दवाखान्यातून रिपोर्ट आला. इंग्रजीत. वहिनीनं तो माझ्या हातात दिला आणि ती औषधं आणायला गेली. दादा खाटेवर उशीला टेकून बसला होता. त्यानं हात मांडीवर घेतले आणि म्हणाला, “वाच. जे लिवलंय तेच वाच हां, बाय.”

तो असं आधी कधी म्हणाला नव्हता. आजारी माणसाला वाटतं, आपल्यापासून लपवतील — म्हणून म्हणाला असेल. की त्याला माहीत होतं? किती वर्षांपासून? मी त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं. चेहऱ्यावर काही नव्हतं. तो ऐकायला बसला होता.

मी सगळं वाचलं. एकही शब्द गाळला नाही, एकही मऊ केला नाही. कुठे पसरलंय, किती पसरलंय, काय होण्यासारखं नाही. त्यानं शेवटपर्यंत ऐकलं.

“बरा,” तो म्हणाला. मग पानवेलींना पाणी कुणी दिलं का, ते विचारलं.

वहिनी परत यायला तास लागला. त्या तासात खोलीत आम्ही दोघंच होतो. तो जागा होता, शुद्धीवर होता, माझ्याकडे बघत होता. मी रिपोर्टची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली. वाडीच्या पाण्याबद्दल बोलले. केतकीच्या बदलीबद्दल बोलले.

अकरा दिवसांनी तो गेला. मी त्याला सांगितलं नाही.